फुटांवर मोजलेली नटी

कापडाच्या दुकानात आपण जसं "अडीच मीटर फाडा" म्हणतो, तसा एके काळी सिनेमा विकला जायचा. १९०५ च्या सुमाराला इंग्लंडात भाव होता फुटाला सहा पेन्स. त्या फुटाभरात काय आहे याचा भावाशी संबंध नसे. राजाची मिरवणूक असो, समुद्राच्या लाटा असोत की पळवून नेलेलं तान्हं बाळ असो. मोजायचं, कात्री लावायची, पैसे घ्यायचे. जत्रेतल्या तंबूवाल्याने फिल्म एकदा विकत घेतली की ती त्याची. पडद्यावर रडणाऱ्या, धावणाऱ्या, चिखलात पडणाऱ्या माणसांची नावं कुठेच नसत. कापडाच्या ठाणावर विणकराचं नाव कोण शोधतं?

या सहा पेन्सांनी कुठवर मजल मारली ते बघा. लंडनच्या नैर्ऋत्येला थेम्सच्या काठी वॉल्टन नावाचं गाव आहे. तिथे सेसिल हेपवर्थ नावाच्या गृहस्थांनी १९०५ मध्ये 'रेस्क्यूड बाय रोव्हर' हा ४२५ फुटांचा चित्रपट काढला. पळवलेलं बाळ घरचा कुत्रा शोधून आणतो, एवढीच गोष्ट. ती लिहिली हेपवर्थांच्या बायकोने. बाळ त्यांचं, कुत्रा त्यांचा, पडद्यावरचा बाप स्वतः हेपवर्थ आणि आई त्यांची बायको. बाहेरून बोलावलेल्या दोघांना अर्धी-अर्धी गिनी, त्यातच येण्या-जाण्याचं भाडं. सगळा खर्च ७ पौंड १३ शिलिंग ९ पेन्स. एका प्रतीची किंमत १० पौंड १२ शिलिंग ६ पेन्स. पौंडाचे २० शिलिंग, शिलिंगाचे १२ पेन्स. आपल्या रुपये-आणे-पैइतकाच डोकं उठवणारा हा हिशेब एकदा मांडून पाहा. ४२५ गुणिले ६ म्हणजे २,५५० पेन्स. त्याचे पौंड केले की येतात बरोबर १० पौंड १२ शिलिंग ६ पेन्स. एक पेनीसुद्धा इकडची तिकडे होत नाही. कुत्र्याची स्वामिनिष्ठा, आईचा आक्रोश, बाळाचं हसू, सगळं फुटपट्टीच्या भावात.

अशा ३९५ प्रती खपल्या. म्हणजे ४,१९६ पौंड १७ शिलिंग ६ पेन्स. प्रती काढायचा खर्च बाजूला ठेवला तर मूळ खर्चाच्या तब्बल ५४६ पट. प्रती छापून छापून मूळ निगेटिव्ह झिजली, म्हणून तोच चित्रपट पहिल्यापासून पुन्हा चित्रित केला. तीही झिजली, म्हणून तिसऱ्यांदा. विकलेली सगळी फिल्म एकापुढे एक अंथरली तर १,६७,८७५ फूट, म्हणजे ५१ किलोमीटर होते. सीएसएमटीला एक टोक ठेवून रुळांच्या कडेने उलगडत निघालात तर डोंबिवली मागे पडते आणि कल्याण जेमतेम राहतं.

हे सगळं सुरू झालं त्या जागेचं मापही पाहण्यासारखं आहे. हेपवर्थांनी वॉल्टनमध्ये वर्षाला ३६ पौंड भाड्याने एक घर घेतलं होतं. मागच्या अंगणात उघड्यावर लाकडी रंगमंच बांधला, साधारण १५ फूट लांब, ८ फूट रुंद. क्षेत्रफळ १२० चौरस फूट. गिरगावातली दहा बाय बाराची खोली भरते तेवढं. दिवे नाहीत, सूर्य हाच दिवा. ढग आला की काम बंद. इथेच १९०३ मध्ये मे क्लार्क नावाच्या मुलीने ॲलिसचं काम केलं. 'ॲलिस इन वंडरलँड' ८०० फुटांचा होता, तोवरचा सर्वांत लांब ब्रिटिश चित्रपट. चालायचा सुमारे १२ मिनिटं. रोव्हरमधली बाळाला सांभाळणारी दाईही हीच. कॅमेऱ्यासमोर काम नसलं की ती कपडे, सामान, पडदे यांत हात घाली. 'नटी' ही तेव्हा नोकरी नव्हती, पडेल त्या कामातलं एक काम होतं.

अशा कारखान्यात १९०७ साली बारा वर्षांची एक मुलगी आली. अल्मा टेलर. जन्म ३ जानेवारी १८९५, लंडन. तिचं नाव आज इंग्लंडातही सिनेमाच्या अभ्यासकांखेरीज फारसं कोणी घेत नाही. बारा वर्षांची पोर पहिल्यांदा पडद्यावर आली आणि शेवटचं छोटंसं काम केलं तेव्हा १९५७ साल उजाडलं होतं. मधल्या ५० वर्षांत दीडशेहून अधिक चित्रपट.

दीडशे हा आकडा ऐकून आपण भारावतो, पण या आकड्यात एक गंमत आहे. चित्रपट म्हणजे काय, याचंच माप या ५० वर्षांत कितीतरी वेळा बदललं. १९१० मधला 'चित्रपट' पाच-दहा मिनिटांचा, १९२३ मधला दीड तासाच्या आसपासचा. दोन्ही यादीत एकेकच मोजले जातात. वाटाणा आणि कलिंगड दोन्ही नगावर मोजण्यासारखं आहे हे. त्यापेक्षा जुन्या दुकानदाराची पद्धत बरी. फूट मोजावेत.

३५ मिलीमीटर फिल्मच्या एका फुटात १६ चित्रं बसतात. मूकपटाच्या जमान्यात सेकंदाला साधारण १६ चित्रं, म्हणजे सेकंदाला एक फूट. कॅमेऱ्याला मोटर नव्हती, हँडल होतं. हँडलच्या एका वेढ्याला आठ चित्रं, म्हणून सेकंदाला दोन वेढे. कॅमेरावाला मनात ताल धरून फिरवायचा. उत्साहाच्या भरात हात जलद चालला की पडद्यावर माणसं संथ दिसायची, हात मंदावला की माणसं धावायची. तबलजीला लयीचं जेवढं भान लागतं, तेवढं त्याला.

अल्माचे दीडशे चित्रपट, सरासरी दोन रिळांचे धरू; रीळ म्हणजे १,००० फूट. सुरुवातीचे चित्रपट याहून पुष्कळ आखूड, नंतरचे पुष्कळ लांब, त्यामुळे हा माझा अंदाज, ढोबळ. होतात ३ लाख फूट, म्हणजे ९१ किलोमीटर. आपल्या लोकलच्या मापात कल्याण, बदलापूर, नेरळ सगळं मागे टाकून भिवपुरीच्या आसपास. चित्रं ४८ लाख. प्रत्येकात ती नसणार हे खरं, पण प्रत्येक तिच्या चित्रपटातलं. हँडलचे वेढे ६ लाख, आणि तेही फक्त पडद्यापर्यंत पोचलेल्या फिल्मचे. बिघडलेले, कापून टाकलेले यात नाहीत.

आता तोच आकडा उलटा फिरवा. ३ लाख फूट म्हणजे ३ लाख सेकंद. तास केले तर ८३ तास २० मिनिटं. ५० वर्षांची कारकीर्द, १८ हजारांहून जास्त दिवस, आणि पडद्यावर सगळी मिळून साडेतीन दिवसही भरत नाही. गुरुवारी सकाळी बघायला बसलात, झोपला नाहीत, तर रविवारी रात्री संपते. बोलपटांचा वेग निराळा असतो वगैरे बारकावे मी सोडून दिले आहेत. ते धरूनही आकडा काही डोळे दिपवण्याइतका वाढत नाही.

पण या साडेतीन दिवसांनी काय केलं! अल्मा आणि तिच्याच वयाची क्रिसी व्हाइट या दोघींना घेऊन १९१० पासून हेपवर्थांनी टिली नावाच्या वांड पोरीची मालिका काढली. अल्मा टिली, क्रिसी तिची साथीदार सॅली. दोघी शेजाऱ्यांच्या खोड्या काढतात, घरात धुडगूस घालतात, पकडायला आलेल्या मोठ्यांना झुलवतात आणि शेवटी साळसूदपणे बसलेल्या सापडतात. चिंतामणराव जोशींच्या गुंड्याभाऊला आवडल्या असत्या अशा. क्रिसीही पुढे १८० हून अधिक चित्रपटांत दिसली. म्हणजे एका अंगणातल्या दोन पोरींनी मिळून सव्वातीनशेच्या वर चित्रपट केले. टिलीपटांत दोघी एकत्र आहेत, त्यामुळे काही चित्रपट दोनदा मोजले जातात. ते वजा केले तरी छातीवर हात जावा असा आकडा उरतो.

१९१२ मध्ये चार रिळांचा 'ऑलिव्हर ट्विस्ट' आला. सतरा वर्षांची अल्मा त्यात नॅन्सी झाली. पुढच्या वर्षी 'डेव्हिड कॉपरफील्ड'मध्ये डोरा. खोडकर टिली आणि डिकन्सची नॅन्सी एकाच मुलीने एकाच वर्षात करायची, तीही बोलण्याची सोय नसताना. पहिल्या महायुद्धाच्या काळात ब्रिटनमध्ये सुमारे ४,५०० चित्रपटगृहं होती आणि आठवड्याला २ कोटींच्या आसपास तिकिटं खपत. देशाची लोकसंख्या साडेचार कोटींच्या घरात. म्हातारे, तान्ही मुलं, खंदकातले सैनिक सगळे धरूनसुद्धा दर आठवड्याला पाच माणसांमागे दोन तिकिटं खपत होती असा याचा सरळ अर्थ. एवढ्या गर्दीला १९१५ मध्ये 'पिक्चर्स अँड द पिक्चरगोअर' या नियतकालिकाने विचारलं, तुमचा सर्वांत आवडता ब्रिटिश कलावंत कोण? पहिली आली अल्मा टेलर. तिच्या मागे राहिलेल्यांमध्ये चार्ली चॅप्लिन नावाचा एक माणूस होता.

ते वाक्य मी दोनदा तपासलं. चॅप्लिन तेव्हा अमेरिकेत होता आणि जगभर वेड लावत होता.

याच वॉल्टनशी आपलं एक नातं आहे, आणि ते ओढूनताणून आणलेलं नाही. १९१२ च्या सुरुवातीला दादासाहेब फाळके सिनेमाचं तंत्र शिकायला लंडनला गेले. 'बायस्कोप' साप्ताहिकाच्या कचेरीत जाऊन संपादक कॅबर्न यांना भेटले. कॅबर्ननी आधी नाउमेद केलं आणि मग हेपवर्थांशी गाठ घालून दिली. वॉल्टनचा स्टुडिओ दादासाहेबांनी फिरून पाहिला. विल्यमसन कंपनीचा कॅमेरा ५० पौंडांना घेतला आणि १ एप्रिलला ते परत मुंबईत. त्या वर्षी टिलीपट याच स्टुडिओतून निघत होते. अल्मा सतरा वर्षांची, क्रिसी सोळा. त्या दिवशी त्या दोघी आवारात कुठे बागडत होत्या का, कोणी सांगावं. पण त्या स्टुडिओत एक गोष्ट सहज दिसणारी होती: घरंदाज वाटणाऱ्या मुली भर दिवसा, उघड्यावर, कॅमेऱ्यासमोर काम करत होत्या आणि गावाला त्याचं काही वाटत नव्हतं.

मुंबईत मात्र 'राजा हरिश्चंद्र'मधल्या तारामतीसाठी बाई मिळेना. शेवटी उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंकेंना लुगडं नेसवावं लागलं, ही गोष्ट आपल्याला शाळेपासून पाठ आहे. 'राजा हरिश्चंद्र'ही चार रिळांचा, ३,७०० फूट. 'ऑलिव्हर ट्विस्ट' आणि तो, दोन्ही चार-चार रिळांचे, मधे काही महिन्यांचं अंतर; एकात सतरा वर्षांची अल्मा, दुसऱ्यात मिशी उतरवलेले अण्णा. १९१३ मध्येच 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई उभ्या राहिल्या तेव्हा कुठे हा तिढा सुटला. कमलाबाई तेव्हा तेरा वर्षांच्या आसपास. अल्माने सुरुवात केली जवळजवळ त्याच वयात.

आणखी एक जुळणी मला फार आवडते. मुंबईला परतल्यावर पैसेवाल्यांना पटवण्यासाठी फाळक्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि त्याचा वेल वाढताना एकेक चित्र टिपत 'अंकुराची वाढ' केली. दहा-अकरा वर्षांनी तिकडे हेपवर्थांनी 'कमिन थ्रू द राय' दुसऱ्यांदा काढायला घेतला. पहिला १९१६ चा, दुसरा १९२३ चा, दोन्हीत नायिका अल्माच. गोष्टीत राय धान्याचं शेत आहे, ऋतूंप्रमाणे बदलणारं. हेपवर्थांनी काय करावं? शेत पेरलं. कोंब फुटण्यापासून ते कणसं पिकेपर्यंत पिकाच्या सवडीने थांबायचं ठरवलं. राय शरदात पेरतात आणि पुढच्या उन्हाळ्यात कापतात. एका नटीच्या पाठीमागे योग्य उंचीची कणसं डोलावीत म्हणून एक आख्खा हंगाम! एकाने कुंडीत, दुसऱ्याने शेतात, पण दोघांनाही उगवणं टिपायचं होतं. फाळक्यांना त्या वाटाण्यातून भांडवल मिळालं. हेपवर्थांचं भांडवल त्या शेतात गेलं, असं म्हटलं तर थोडीशीच अतिशयोक्ती होईल.

मधल्या वर्षांत अल्माबाईंनी (आता 'बाई' म्हणायला हवं) काय काय केलं त्याची यादी देत बसत नाही. १९२० च्या 'ॲना द ॲडव्हेंचरेस'मध्ये जुळ्या बहिणींची दुहेरी भूमिका केली, एवढं सांगतो. अशा दृश्यासाठी त्या काळी अर्धी चौकट झाकून चित्रण करायचं, फिल्म मागे गुंडाळायची, उरलेली अर्धी उघडून पुन्हा त्याच फिल्मवर चित्रण करायचं. वेढ्यांचा हिशेब चुकला तर एक बहीण दुसरीचं बोलणं व्हायच्या आधीच उत्तर देऊन मोकळी. आपल्याकडे अण्णा साळुंकेंनी १९१७ च्या 'लंका दहन'मध्ये राम आणि सीता दोन्ही केले होते. त्यामुळे दुहेरी भूमिकेबाबत आपण तरी वॉल्टनला हार जायचं कारण नाही.

१९१९ मध्ये हेपवर्थांनी कंपनी मोठी केली. पुढे भांडवल अडीच लाख पौंडांपर्यंत वाढवायला शेअर विक्रीला काढले, ते पुरेसे खपले नाहीत. बाजार अमेरिकेने व्यापला होता. १९१४ मध्ये ब्रिटनच्या पडद्यांवर साधारण चौथा हिस्सा ब्रिटिश चित्रपटांचा होता, १९२५ पर्यंत तो पाच टक्क्यांवर आला. वीस चित्रपट लागले तर त्यांतला एक घरचा. १९२४ मध्ये कंपनी बुडाली. गंमत अशी की त्याच वर्षी 'डेली न्यूज'ने ब्रिटनच्या सर्वांत लोकप्रिय तारका म्हणून जी दोन नावं घेतली त्यांतलं एक अल्मा टेलरचं होतं.

बुडालेल्या कंपनीची विल्हेवाट लावायला रिसीव्हर आला. त्याच्या दृष्टीने कपाटांत रचलेले डबे म्हणजे माल. माल म्हणजे निगेटिव्ह. निगेटिव्हवर तेव्हा रुपेरी मुलामा असायचा, खालची पट्टी नायट्रेटची. आमच्या लहानपणी दारावर जरीवाला यायचा. आजीची विरलेली पैठणी घेऊन जायचा, जाळायचा आणि राखेतून चांदी काढायचा. साडी कोणत्या लग्नातली हे तो विचारत नसे, काटा बघायचा. हेपवर्थांच्या निगेटिव्हांचं तेच झालं. कोणी सांगतं चांदीसाठी वितळवल्या, कोणी सांगतं विमानाच्या पंखांना लावायचं रोगण करायला. वितळवल्या हे नक्की.

म्हणून तोही हिशेब करून टाकू. १,००० फुटांच्या रिळाचं वजन सुमारे ५ पौंड. अल्माबाईंचे आपण धरलेले ३ लाख फूट म्हणजे ३०० रिळं, १,५०० पौंड, म्हणजे ६८० किलो. सगळे काही हेपवर्थांचे नव्हते, त्यामुळे भट्टीत गेलं ते याहून कमी. पण कारकीर्दीचं वजन पाहायचंच असेल तर ते इतकं: एका तरण्या म्हशीपेक्षा फार जास्त नाही. ब्रिटनचे सुमारे ८० टक्के मूकपट हरवले असा अंदाज सांगतात. तोच भागाकार इथे लावला तर ८३ तास २० मिनिटांतले उरतात १६ तास ४० मिनिटं. पैकी 'डेव्हिड कॉपरफील्ड' आहे, रायच्या शेताचा दुसरा चित्रपट आहे, टिलीचे थोडे तुकडे आहेत. १९१६ चं शेत गेलं. आपल्या 'राजा हरिश्चंद्र'च्या चारांपैकी दोनच रिळं हाती आहेत आणि तीही मूळची की १९१७ मध्ये पुन्हा चित्रित केलेली यावर जाणकारांत वाद आहे. तेव्हा या बाबतीत त्यांना नावं ठेवायला आपण जागा ठेवलेली नाही.

हेपवर्थांचा स्टुडिओ दुसऱ्याने घेतला. क्रिसीने १९२२ मध्येच नट-दिग्दर्शक हेन्री एडवर्ड्सशी लग्न केलं होतं. ती १९८९ पर्यंत जगली. अल्माबाई मूकपट संपेपर्यंत नायिका होत्या, बोलपट आल्यावर भूमिका आखूड होत गेल्या. हिचकॉकच्या १९५६ च्या 'द मॅन हू न्यू टू मच'मध्ये त्या आहेत, तिकीट खिडकीवरची बाई म्हणून. श्रेयनामावलीत नाव नाही. ज्या बाईसाठी कधी काळी खिडकीसमोर रांगा लागत, ती एकसष्टाव्या वर्षी खिडकीच्या आतल्या बाजूला, आणि पुन्हा १९०७ सारखीच बिननावाची. हिचकॉक स्वतः १८९९ चा लंडनचा पोरगा, लहानपणापासून सिनेमावेडा. खिडकीत कोणाला बसवलंय हे त्याला ठाऊक नसेल, हे मला पटत नाही.

१९७४ च्या जानेवारीत, एकोणऐंशी वर्षांच्या होऊन, त्या गेल्या.

वाचलेल्या टिलीपटांत १९११ चा एक आहे, 'टिली अँड द फायर इंजिन्स'. काही मिनिटांचा. दोघी पोरी आगीचा बंब पळवतात. मागे बंबवाले धावताहेत, हात उंचावून ओरडताहेत, आवाज अर्थातच येत नाही. जवळ आले की पोरी पाण्याचा पाइप त्यांच्यावर सोडतात आणि खिदळतात. सेकंदाला एक फूट, फुटाला सहा पेन्स.